लाइफ सिम्युलेशन गेममध्ये जनरल कसं व्हायचं? माझा माणूस सार्जंटच्या पुढे सरकतच नाही

रणछोडदास
मंडळी, बिटलाइफ (बटणं दाबत एकेक वर्ष करून अख्खं आयुष्य जगायचा मोबाइल गेम) खेळणारे इथे बरेच आहेत हे 'सध्या काय खेळताय' धाग्यावर दिसलं, म्हणून हा वेगळा धागा. डॉक्टर झालो, वकील झालो, चोर झालो, नट होऊन बदनामही झालो. आता एक अख्खं आयुष्य फौजेत काढायचं ठरवलंय आणि घोडं पेंड खातंय.

अठरा पूर्ण झाली की लगेच जवान म्हणून भरती होतो. दरवर्षी इमानेइतबारे जास्त मेहनतीचं बटण दाबतो. कामगिरीची पट्टी हिरवीगार. तरी एक तर सार्जंटच्या आसपास गाडी अडते, नाही तर तैनातीचं बोलावणं येतं आणि सुरुंगांच्या त्या चौकटीत खेळ खलास. थडगं, दोन ओळींचा मृत्युलेख आणि पुन्हा नवा जन्म.

तर जाणकारांनो, जवान म्हणून जावं की थेट अधिकारी? लष्कर, नौदल, हवाईदल यात काही फरक पडतो का? आणि त्या सुरुंगांचं काय करायचं? सिम्स (माणसांचं घर आणि नोकरी सांभाळायचा गेम) खेळणाऱ्यांनीही लिहा, तिथल्या फौजेबद्दल मला काहीच ठाऊक नाही.

टवाळ
आयडी रणछोडदास आणि व्हायचंय जनरल! आधी आयडी बदला, बढती आपोआप मिळेल.

रणछोडदास
@टवाळ, अपेक्षित होतं. पहिलाच प्रतिसाद असेल असं मात्र वाटलं नव्हतं.

मनमौजी
जवान म्हणून गेलात तर जनरल होणारच नाही, मग बटणं कितीही दाबा. दोन शिड्या वेगळ्या आहेत. जवानांची शिडी सार्जंट मेजरपाशी संपते, अधिकाऱ्यांची लेफ्टनंटपासून सुरू होऊन जनरलपर्यंत जाते (नौदलात अ‍ॅडमिरल). तुम्ही सार्जंटपाशी 'अडकलात' असं म्हणताय, पण त्या शिडीवरून जनरलपर्यंत वाटच नाही.

अधिकारी व्हायला पदवी लागते. म्हणजे अठराव्या वर्षी फौजेच्या मेनूत जायचंच नाही, कॉलेजात जायचं. चार वर्षं तिथे काढून बाविसाव्या वर्षी अधिकारी म्हणून अर्ज करायचा. माझी बरीचशी पात्रं याच वाटेने वर गेली.

सोनसाखळी
मनमौजी +१

आणि त्याच्याही आधीपासून तयारी करा. शाळेत असतानाच दरवर्षी अभ्यासाचं बटण दाबायचं, वाचनालयात जायचं. बुद्धीची पट्टी तिथे वाढते. मोठं झाल्यावर जिम आणि ध्यान, म्हणजे तब्येत आणि आनंद दोन्ही टिकतात. बुद्धी बरी असली की शिष्यवृत्ती मिळायची शक्यता वाढते. नाही मिळाली तर आईवडिलांना फी मागा, तेही नाही म्हणाले तर कर्ज. कर्ज घेऊन अधिकारी झालेलं माझं एक पात्र हप्ते फेडता फेडता मेजर झालं होतं.

रणछोडदास
अरेच्चा. म्हणजे बाविसाव्या वर्षापर्यंत गणवेश घालायचाच नाही? विषय कोणता घेऊ? इतिहास चालेल का? युद्धाबिद्धाचं वाचलेलं उपयोगी पडेल.

मनमौजी
कोणताही घ्या, पदवी असल्याशी मतलब. माझा एक अधिकारी नृत्याचा पदवीधर होता.

टवाळ
त्याची कवायत बघण्यासारखी असणार.

शून्यमनस्क
सुरुंगांबद्दल मी लिहितो, कारण बाकीच्या गोष्टी दोन-चार आयुष्यांत कळतात, पण सुरुंगापाशी लोक वर्षानुवर्षं चुकत राहतात.

ती चौकट म्हणजे जुनं माइनस्वीपर आहे, दुसरं काही नाही. विंडोज ३.१ बरोबर १९९२ मध्ये ते घरोघरी पोचलं तेच. उघडलेल्या घरातला आकडा सांगतो की त्याच्या भोवतालच्या आठ घरांत मिळून किती सुरुंग आहेत. हे सगळ्यांना माहीत असतं. तरी लोक मरतात, कारण एक आकडा बघतात आणि बोट टेकवतात. आकडे जोडीने वाचायचे असतात.

तीन आकृत्या डोक्यात बसवा. पुढची न उघडलेली घरं फक्त एकाच बाजूला आहेत असं धरा.

पहिली: उघडलेल्या ओळीत १-२-१ असे शेजारी शेजारी आले, तर सुरुंग दोन्ही १ च्या समोर असतात आणि २ च्या समोरचं घर निर्धास्त उघडायचं.

दुसरी: १-२-२-१ आले तर उलटं. सुरुंग दोन्ही २ च्या समोर, १ च्या समोरची घरं मोकळी.

तिसरी सगळ्यात जास्त वेळा येते. चौकटीच्या कडेला लागून १-१ असतील, तर कडेपासून मोजून समोरचं तिसरं घर सुरक्षित. का? पहिल्या १ ला समोर दोनच घरं दिसतात, त्यातल्या एकात सुरुंग आहे. तीच दोन घरं दुसऱ्या १ लाही दिसतात, म्हणजे त्याचा कोटा तिथेच संपला. मग त्याच्या वाट्याच्या तिसऱ्या घरात काही असूच शकत नाही.

पाठ करू नका. 'का' कळलं की आकृती विसरली तरी मांडता येते.

सोनसाखळी
तिसरी आकृती कागदावर काढून बघितली. इतकी वर्षं मी तिथे डोळे मिटून टॅप करत होते!

कट्टर_वाचनमात्र
वाचतोय.

रणछोडदास
@शून्यमनस्क, साष्टांग नमस्कार. पण सुरुवात कुठून करायची? पहिल्याच टॅपला गेलो तर आकृत्या काय कामाच्या?

शून्यमनस्क
पहिला टॅप नशिबाचाच. विंडोजच्या जुन्या खेळात पहिल्या टिचकीला सुरुंग लागत नसे, ती सोय प्रत्येक खेळात असेलच असं धरून चालू नका.

पण नशिबालाही थोडं कलतं करता येतं. आपल्याला नुसतं जगायचं नाहीये, शून्य उघडायचंय. म्हणजे असं घर, ज्याच्या भोवती एकही सुरुंग नाही. शून्य उघडलं की आजूबाजूचा मोठा तुकडा मोकळा होतो आणि वाचायला आकडे मिळतात. आता कोपऱ्यातल्या घराला शेजारी फक्त तीन, मधल्या घराला आठ. समजा दर पाच घरांत एक सुरुंग आहे. माइनस्वीपरच्या सगळ्यात अवघड पातळीवर ४८० घरांत ९९ सुरुंग असतात, म्हणजे साधारण तेवढेच. कोपऱ्याचे तिन्ही शेजारी रिकामे असण्याची शक्यता ०.८ चा घन, म्हणजे ५१ टक्के. मधल्या घराचे आठही शेजारी रिकामे असण्याची १७ टक्के. पहिल्या टॅपलाच मरायचा धोका दोन्हीकडे सारखा, पण वाचलात तर कोपरा जास्त देऊन जातो.

म्हणून कोपरा. तिथे १ किंवा २ निघाला आणि पुढे काहीच कळेना, तर दुसरा कोपरा.

मनमौजी
मी नेहमी मधोमध टॅप करायचो, 'मैदान मारायचंय' म्हणून. आता कळलं मैदान मला का मारत होतं.

कुंदकळी
गणित चालू आहे तोवर सिम्सबद्दल लिहून घेते. हा माझा आवडता विषय, त्यामुळे लांबेल.

सिम्समध्ये फौज पहिल्या भागापासून आहे. सिम्स १ आलं २००० मध्ये, सिम्स २ आलं २००४ मध्ये, सिम्स ३ आलं २००९ मध्ये. तिन्हींत फौजेची नोकरी मूळ खेळातच होती. सिम्स ४ (२०१४) मध्ये मात्र मूळ खेळात फौज नाही. ती २०१९ च्या स्ट्रेंजरव्हिल या गेम पॅकबरोबर आली. दर थोड्या दिवसांनी कोणीतरी विचारतं की माझ्या यादीत फौज दिसतच नाही, त्याचं उत्तर हे. पॅक नसेल तर अंतराळवीर किंवा गुप्तहेर व्हा, त्या वेगळ्या नोकऱ्या मूळ खेळात आहेत.

इथे सुरुंग नाहीत आणि तैनातीत मरणही नाही. सिम, म्हणजे आपलं पात्र, गाडीत बसून जातो, संध्याकाळी परत येतो. तो तिकडे काय करतो ते आपल्याला दिसत नाही. त्यामुळे सगळा खेळ घरी ठरतो. सिम्स २ मध्ये शरीर, यंत्रकाम आणि छाप पाडण्याची हातोटी ही तीन कौशल्यं लागतात. सिम्स ३ मध्ये व्यायाम आणि दुरुस्तीकाम. ही घरी वाढवायची आणि कामावर जाताना मूड चांगला ठेवायचा. उपाशी, पेंगुळलेला, अंघोळ न केलेला सिम पाठवलात तर कौशल्यं कितीही असोत, बढती हलत नाही. मी तर कामाच्या वेळेच्या तीन तास आधीच त्याला उठवते: आधी खाणं, मग अंघोळ, मग कुणाशी तरी दोन गप्पा.

सिम्स ३ मधली फौजेची शिडी तर फारच गमतीची. पहिली पायरी आहे संडास साफ करणारा आणि दहावी अंतराळवीर.

टवाळ
संडासापासून अंतराळापर्यंत. याला म्हणतात करिअर.

आत्याबाई
@कुंदकळी, थोडं थांब. सिम्स २ मध्ये सगळ्यात वर जनरल आहे, अंतराळवीर त्याच्या खाली नववा. सिम्स १ मध्ये शेंडा अंतराळवीरच होता. सिम्स ३ मध्ये पुन्हा अंतराळवीर वर आणला. त्यामुळे मूळ प्रश्न जनरल व्हायचा असेल तर सिम्स २ खेळावा लागेल!

कुंदकळी
बरोबर आहे आत्याबाई, दोनमध्ये जनरलच. ते लिहायचं राहिलं. मला स्वतःला अंतराळवीर वरच बरा वाटतो. जनरल झाला म्हणून सिमचं रोजचं काहीच बदलत नाही, अंतराळवीर झाला की निदान त्याचा पोशाख तरी बघण्यासारखा असतो.

आत्याबाई
पोशाखासाठी फौजेत जाणारी तू पहिली नाहीस गं. सिम्स २ मध्ये मात्र वर चढताना एक बक्षीस मिळतं, अडथळ्यांची शर्यत. ती अंगणात मांडायची आणि घरातल्या सगळ्यांना त्यावरून पळवायचं. शरीराचं कौशल्य भराभर वाढतं. माझ्याकडे एक फौजी आजोबा होते, त्यांच्या अंगणात तीन पिढ्या पळाल्या.

आणि ते संधीचे प्रश्न! ऑफिसात असताना मध्येच खिडकी उघडते, 'असं करायचं की तसं', आणि एका उत्तरावर बढती, दुसऱ्यावर पदावनती. नववी पायरी चढलेला माझा एक सिम एका प्रश्नावर धाडकन खाली आला. सिम्स २ मध्ये प्रश्नाकडे दुर्लक्ष करायचीही सोय आहे, त्याने काही बिघडत नाही आणि काही मिळतही नाही. खाली असताना बिनधास्त उत्तर द्या, गमावण्यासारखं असतंच काय. वर पोचल्यावर दुर्लक्ष.

मनमौजी
हे पटलं नाही. दुर्लक्ष करून जनरल झालेला काय कामाचा? प्रश्नच नको असेल तर ऑफिसात कारकून व्हा.

आत्याबाई
मनमौजी, तुझा सिम नवव्या पायरीवरून पडू दे, मग बोलू.

निशाचर
सिम्स ४ चं कुणी बोलत नाहीये म्हणून दोन ओळी. स्ट्रेंजरव्हिलच्या फौजेत मध्यावर वाट फुटते: एक अधिकारी, दुसरी छुपी कारवाई करणारा. छुप्या वाटेने गेलो तेव्हा मला जास्त मजा आली. अधिकाऱ्याला पदकं मिरवायची हौस असेल तर ती वाट. फक्त 'जोर लावून काम कर' रोज दाबू नका, सिम तणावात घरी येतो आणि संध्याकाळ त्याची समजूत काढण्यात जाते. वर गावात भलतंच काहीतरी चाललेलं असतं. शेजारी विचित्र हसत हिंडतात, लष्कराची बंद प्रयोगशाळा आहे, खाली कसलंतरी झाड आहे. मी बढतीसाठी गेलो आणि ते गूढ उकलण्यात अडकलो. नोकरी गेली बाजूला.

टवाळ
म्हणजे छुपी कारवाई इतकी छुपी की नोकरीलाच पत्ता नाही.

बिनतारी
धागा मजेने वाचतोय. मी फौजेत होतो, संदेशवहनात, म्हणून दोन शब्द.

पहिलं, रणछोडदास यांनी सार्जंटपर्यंत पोचणं म्हणजे 'अडकणं' असं लिहिलंय, ते वाचून जरा टोचलं. खऱ्या पलटणीत वरिष्ठ सार्जंटच्या दर्जाचा माणूस हलला की पलटण हलते. नव्या कोऱ्या लेफ्टनंटला चालायला शिकवणारा तोच. गेममध्ये त्याची किंमत दाखवत नाहीत हा गेमचा तोकडेपणा. फौजेत यश म्हणजे फक्त खांद्यावरच्या खुणा नव्हेत.

दुसरं सुरुंगांबद्दल. खऱ्या जमिनीला आकडे नसतात. मागे सोडून दिलेले सुरुंग लढाई संपल्यावर दशकानुदशकं तिथेच पडून असतात, आणि त्यात मरणारे बहुतेक शेतकरी, गुरं राखणारी पोरं. माणसांविरुद्धचे सुरुंग वापरायला, साठवायला, बनवायला बंदी घालणारा करार १९९७ मध्ये झाला, १९९९ पासून लागू आहे. त्याला ओटावा करार म्हणतात. दीडशेहून जास्त देश त्यात आले. मोठ्या फौजा असलेले बरेच देश मात्र बाहेरच आहेत, भारतही.

रणछोडदास
काका, टोचायचा हेतू नव्हता. 'माझ्या शिडीवर' अडकलो असं म्हणायला हवं होतं, मनमौजींनी सांगितल्यावर तेही कळलं. पण मग गेमच्या हिशेबात यश कशाला म्हणायचं?

बिनतारी
अरे, तुझा गेम, तूच ठरव. मी आपला जुन्या सवयीने बोललो.

सोनसाखळी
बिनतारीकाकांच्या सुरुंगांवरून आठवलं, अवांतर आहे पण सांगतेच. खरे सुरुंग शोधायला उंदीर वापरतात हे माहितेय का? आफ्रिकेतला मोठ्या गालफडांचा उंदीर. आपोपो नावाची संस्था त्यांना स्फोटकाचा वास ओळखायला शिकवते. वजन इतकं कमी की सुरुंगावरून चालला तरी तो फुटत नाही. टेनिसच्या मैदानाएवढी जागा अर्ध्या तासात हुंगून मोकळी करतो, तेवढ्याच जागेला धातुशोधक यंत्र घेतलेल्या माणसाला काही दिवस लागू शकतात, कारण यंत्र प्रत्येक गंजक्या खिळ्यापाशी ओरडतं आणि उंदीर फक्त स्फोटकाला दाद देतो. त्यातल्या मगावा नावाच्या उंदराने कंबोडियात काम केलं, २०२० मध्ये त्याला ब्रिटनच्या पीडीएसए या प्राण्यांसाठीच्या संस्थेचं सुवर्णपदक मिळालं. २०२१ मध्ये सन्मानाने निवृत्त झाला, २०२२ च्या जानेवारीत वारला.

रणछोडदास
म्हणजे उंदराला सुवर्णपदक आणि सन्मानाने निवृत्ती, आणि माझ्या पात्राला थडगं.

टवाळ
त्याने कोपऱ्यापासून सुरुवात केली असणार.

शून्यमनस्क
@टवाळ, हसून हसून पुरेवाट.

मनमौजी
मगावाला पदवी होती का? नसेल तर तोही सार्जंटच्या शिडीवर.

कोतवाल
(संपादक मंडळातर्फे) उंदरांसाठी वेगळा धागा काढायला हरकत नाही, इथे विषयावर या. बिनतारी यांच्या प्रतिसादावर वैयक्तिक टीका करणारा एक प्रतिसाद उडवला आहे.

निशाचर
कोतवालसाहेब, उंदराच्या धाग्यात माझाही एक प्रतिसाद धरा.

झुळूक
मी नवीन आहे. बिटलाइफमध्ये तैनाती टाळता येते का? मला सुरुंग नकोतच.

मनमौजी
पळून जाता येतं. पकडले गेलात तर तुरुंग. फौजेत करिअर करायला आलात ना? मग पळून कसं चालेल.

टवाळ
@झुळूक, धागाकर्त्याचा आयडी उधार घ्या.

सोनसाखळी
@झुळूक, टाळण्यापेक्षा तयारीने जा. सुरुंग नीट पार केले की पुढे कामगिरीलाही बरं पडतं. आणि जायच्या आधी घरचं बघून ठेवा. लग्न, मूल. पात्र मेलं तर मुलाच्या रूपाने तोच डाव पुढे चालू ठेवता येतो, घरदार आणि वारसा हाती येतो. मूल नसेल तर सगळं शून्यातून. मी तैनातीच्या वयाआधी एक तरी मूल हा नियमच केलाय.

आत्याबाई
वाचायला जरा भयंकर वाटतंय गं हे.

सोनसाखळी
गेम आहे हो आत्याबाई! पण खरंय, टाइप करताना मलाही वाटलं.

शून्यमनस्क
तयारीवरून आठवलं ते लिहितो. शेवटी शेवटी अशी जागा येते की दोन घरं उरलेली असतात, एकात सुरुंग, आणि कुठल्याही आकड्यावरून ठरत नाही. तिथे अक्कल चालवून उपयोग नाही, नाणंफेकच. लोक तिथे पाच मिनिटं विचार करतात, आणि मग मेल्यावर 'माझं चुकलं' म्हणतात. चुकलेलं काही नसतं.

मात्र अशी जागा दिसली की ती शेवटाला ठेवा. आधी बाकीचं सगळं मैदान साफ करा. एकूण सुरुंग किती ते खेळ सांगत असेल, तर उरलेल्यांच्या मोजणीवरून ते ५०-५० पुष्कळदा सुटतं. उदाहरणार्थ दोन ठिकाणी अडलात. एका ठिकाणी एक किंवा दोन सुरुंग बसू शकतात, दुसऱ्या ठिकाणी नक्की एक, आणि उरलेत तीन. मग पहिल्या ठिकाणी दोनच, कोडं सुटलं.

ज्यांना आपण मठ्ठ आहोत असं वाटतं त्यांच्यासाठी: एखादी मांडणी आकड्यांशी जुळते की नाही हा माइनस्वीपरचा प्रश्न एनपी-कम्प्लीट आहे हे रिचर्ड केय या गणितज्ञाने २००० साली सिद्ध केलंय. म्हणजे मोठ्या चौकटीवर संगणकालाही घाम फुटू शकतो.

कट्टर_वाचनमात्र
हे वाचून आयुष्यात पहिल्यांदा लॉगिन केल्याचं सार्थक झालं. परत वाचनमात्र होतो.

निशाचर
एवढं गणित कशाला? टाइम मशीन विकत घ्या, मेलात की काही वर्षं मागे जा. नाही तर गॉड मोड घ्या आणि जन्मतःच बुद्धी शंभर करा.

मनमौजी
तो विकतचा जनरल.

निशाचर
पैसे देऊन विकत घेतलंय, चोरलं नाही. ज्याला नोकरीवरून आल्यावर अर्धा तासच मिळतो त्याने शाळेपासून अभ्यासाचं बटण किती वेळा दाबायचं?

मनमौजी
ज्याला अर्धाच तास आहे त्याने सार्जंट व्हावं. बिनतारीकाका म्हणालेच आहेत, त्यात कमीपणा नाही.

बिनतारी
माझं वाक्य भलत्याच लढाईत वापरू नका रे.

कुंदकळी
निशाचरच्या बाजूने बोलते. मला सिम्समध्ये घर बांधायला आवडतं, बढतीचं दळण दळायला नाही. मी सरळ पैशांची युक्ती वापरून बंगला बांधते आणि फौजी सिमला त्यात राहायला पाठवते. मात्र बढती कधी युक्तीने घेतली नाही. का ते मलाही सांगता येत नाही. संडास साफ करणाऱ्यापासून सुरू केलेला माणूस वर गेला की बरं वाटतं, तेवढंच.

रणछोडदास
मंडळी, बातमी! तुमच्या सल्ल्याने नवं आयुष्य सुरू केलं. मुलगी आहे. शाळेपासून वाचनालय, मग शिष्यवृत्ती, इतिहासाची पदवी (मनमौजी, हट्टाने इतिहासच), मग लष्करात अधिकारी. पहिली तैनाती आली. कोपरा उघडला, मोठा तुकडा मोकळा झाला, आणि कडेला तो १-१ दिसला. शून्यमनस्कांचं नाव घेऊन तिसरं घर उघडलं. पार! आत्ता कॅप्टन आहे.

पण एक नवी अडचण. नवरा वैतागलाय, नात्याची पट्टी अर्ध्यावर आलीय. आणि तिची तब्येतही थोडी खाली. पुढच्या तैनातीला जाऊ की थोडी वर्षं घराकडे बघू?

सोनसाखळी
अभिनंदन कॅप्टन!! आधी नवऱ्याबरोबर वेळ घालवा, सिनेमाला न्या, भेट द्या. दरवर्षी दोन-तीन टॅपचं काम आहे, पट्टी वर येते. घटस्फोट झाला तर अर्धी मालमत्ता जाऊ शकते आणि आनंदाची पट्टी कोसळते ते वेगळंच. तब्येतीला जिम आणि डॉक्टर.

मनमौजी
तैनाती आपल्या हातात कुठे असते? बोलावणं आलं की जायचंच. मधल्या शांत वर्षांत घर बघायचं. दर वर्षी वय वाढवायच्या आधी क्रम ठरवून टाका: मेहनत, जिम, नवरा, मूल, आणि मगच पुढचं वर्ष. बहुतेक जण घाईत वय वाढवत सुटतात आणि मग म्हणतात बढती का नाही.

बिनतारी
कॅप्टनबाईंना सलाम. नवऱ्याला सिनेमाला नेण्याचा सल्ला खऱ्या फौजेलाही लागू.

आत्याबाई
मूल झालं का गं तिला?

रणछोडदास
अजून नाही आत्याबाई. सोनसाखळींचा नियम वाचल्यापासून तैनातीआधी मूल होऊ द्यायला हात धजत नाहीये.

शून्यमनस्क
भावना बाजूला ठेवून आकडा सांगतो. एक तैनाती नीट खेळून ८५ टक्के वेळा पार करता असं समजा. तशा चार तैनात्या सलग पार करण्याची शक्यता ५२ टक्के, सहा असतील तर ३८. म्हणजे एकेका चौकटीत कितीही भारी असलात तरी दीर्घ कारकिर्दीत कुठेतरी गचकण्याचा धोका मोठाच राहतो. त्यामुळे मिळवलेला प्रत्येक टक्का मोलाचा. तुम्ही ९५ टक्के पार करायला लागलात तर त्याच सहा तैनात्यांना ७४ टक्के होतात. घाईत केलेला एक टॅप संपूर्ण बाईंना महागात पडेल.

मनमौजी
'संपूर्ण बाईंना'!

शून्यमनस्क
संपूर्ण आयुष्याला असं वाचा. मोबाइलवरून लिहितोय.

झुळूक
मीही पदवी घेऊन गेले, लेफ्टनंट झाले. सुरुंग अजून आले नाहीत. दरम्यान सिम्स ३ उतरवून घेतलंय. कुंदकळीताई, दुरुस्तीकाम वाढवायला माझा सिम टीव्ही खोलत होता, त्याला शॉक बसला आणि तो काळा पडलाय. आता काय?

कुंदकळी
लगेच थांबव त्याला! एकदा शॉक बसला की ती भाजलेली अवस्था उतरेपर्यंत विजेच्या वस्तूला हात लावू देऊ नकोस, त्याच अवस्थेत दुसरा शॉक बसला तर सिम मरतो. अंघोळ घाल, झोपव. तोवर नळ, बाथटब, कमोड दुरुस्त करायला लाव. पाण्याच्या वस्तूंनीही तेच कौशल्य वाढतं आणि जीव जात नाही. पुढचा सिम करशील तेव्हा त्याला दुरुस्तीत तरबेज असण्याचा स्वभावगुण दे, मग ही भीतीच राहत नाही.

टवाळ
म्हणजे कमोड दुरुस्त करायचा आणि कामावर जाऊन संडास साफ करायचा. अंतराळात जायची घाई का असते ते आत्ता समजलं.

झुळूक
अंघोळ घातली, झोपलाय. सकाळी सात वाजता गाडी येते त्याला न्यायला, मूड मात्र लालच आहे. पाठवू की सुट्टी टाकू?

आत्याबाई
सुट्टी टाक. लाल मूडमध्ये पाठवून कुणाचं भलं झालेलं नाही.